व्हिम विस्तार (व्हिज्युअल स्टुडिओ कोड)

व्हिम विस्तार हा मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल स्टुडिओ कोड या कोड संपादकासाठी तयार केलेला मुक्तस्रोत प्लग-इन आहे. प्रकल्पाच्या पातळीवर तो व्हीएसकोडव्हिम या नावाने ओळखला जातो. व्हिम या जुन्या मजकूर संपादकातील कळांची पद्धत नव्या संपादकात उपलब्ध करून देणे, हे त्याचे मुख्य कार्य होय. हा विस्तार बसवल्यावर कर्सर हलवणे, मजकूर निवडणे, पुसणे, बदलणे व शोधणे ही सर्व कामे माऊसला हात न लावता कळफलकावरून करता येतात. संगणक आज्ञावली लिहिणाऱ्याचे दोन्ही हात कळफलकाच्या मधल्या ओळीवर स्थिर राहावेत, हा या पद्धतीमागील मूळ विचार आहे.

या पद्धतीत वेग साधतो. परंतु तो आपोआप साधत नाही. आरंभीचे काही आठवडे काम पूर्वीपेक्षा मंदावते. शिवाय मराठीत लेखन करणाऱ्यास रोमन व देवनागरी अशा दोन कळरचनांची सांगड घालावी लागते. या दोन्ही बाबींचा विचार पुढे स्वतंत्रपणे केला आहे.

पार्श्वभूमी

१९६९ साली केन थॉम्पसन यांनी युनिक्स प्रणालीसाठी एड हा संपादक लिहिला. त्या काळी संगणकाचे उत्तर पडद्यावर न दिसता बहुधा कागदावर छापून येत असे. त्यामुळे एडमध्ये एका वेळी एकाच ओळीवर काम करावे लागे आणि मजकूर पाहण्यासाठीही आज्ञा द्यावी लागे. पडद्याची यंत्रे रुळल्यानंतर, १९७६ साली, कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या बर्कली येथील संकुलात शिकत असलेल्या बिल जॉय यांनी व्हीआय हा संपादक तयार केला. व्हीआय हे नाव व्हिज्युअल या शब्दाच्या पहिल्या दोन अक्षरांवरून आले आहे.

व्हीआयची रचना तत्कालीन यंत्रांनी घडवली. बिल जॉय यांच्यासमोर एडीएम-३ए नावाचे यंत्र होते. त्यावर बाणांच्या वेगळ्या कळा नव्हत्या. एच, जे, के व एल या चार कळांवरच डावा, खाली, वर व उजवा असे बाण छापलेले होते. एस्केपची कळही आज जेथे टॅबची कळ असते तेथे, म्हणजे करंगळीच्या आटोक्यात होती. दूरध्वनीच्या तारेवरून जोडणी अतिशय संथ असल्यामुळे आज्ञा जितकी त्रोटक तितकी सोयीची ठरे. आज विचित्र वाटणाऱ्या अनेक कळांचे मूळ या परिस्थितीत आहे.

नेदरलँड्सचे ब्रॅम मूलेनार यांनी अमिगा संगणकासाठी व्हीआयची सुधारित आवृत्ती लिहिण्यास प्रारंभ केला आणि १९९१ साली व्हिम प्रथम सार्वजनिक झाला. हे नाव 'व्हीआय इम्प्रूव्ह्ड' या शब्दांचे संक्षिप्त रूप आहे. मूलेनार यांनी व्हिम विनामूल्य ठेवला व वापरकर्त्यांनी युगांडातील किबाले येथील मुलांच्या साहाय्यासाठी देणगी द्यावी, असे आवाहन केले. ३ ऑगस्ट २०२३ रोजी त्यांचे निधन झाले. २०१४ साली व्हिमच्या संहितेपासून निओव्हिम हा स्वतंत्र प्रकल्प निघाला.

व्हिज्युअल स्टुडिओ कोड २०१५ साली जाहीर झाला व एप्रिल २०१६ मध्ये त्याची १.० ही आवृत्ती आली. चुका अधोरेखित करणे, नावे सुचवणे, आज्ञावली पायरीपायरीने तपासणे अशा सोयी त्यात एकत्र मिळतात. या सोयी न सोडता व्हिमच्या कळा वापरण्याची इच्छा असणाऱ्यांसाठी व्हिम विस्तार उपयोगी पडतो.

महाराष्ट्रातील संदर्भ

कळफलकावर न पाहता दहा बोटांनी टंकलेखन करण्याची परंपरा महाराष्ट्रात संगणकापूर्वीपासून आहे. गोदरेज कंपनीने १९५५ साली भारतीय बनावटीचा टंकलेखन यंत्राचा उद्योग सुरू केला. तालुक्याच्या गावी एखाद्या माडीवर चालणारा टंकलेखनाचा वर्ग, यंत्रांचा एकसारखा खडखडाट आणि शासकीय वाणिज्य प्रमाणपत्र परीक्षेची तयारी करणारी मुले, हे दृश्य अनेक पिढ्यांच्या परिचयाचे आहे. ही परीक्षा महाराष्ट्र राज्य परीक्षा परिषदेमार्फत घेतली जाते. यांत्रिक यंत्रांची जागा पुढे संगणकाने घेतली. मात्र लिपिक-टंकलेखक पदासाठी मराठीत मिनिटास ३० अथवा इंग्रजीत ४० शब्दांच्या वेगाची अट कायम राहिली. बुलढाण्यासारख्या ग्रामीण जिल्ह्यात हे प्रमाणपत्र नोकरीच्या वाटेवरील एक पायरी मानले जाते.

दुसरी परंपरा संगणक शिक्षणाची आहे. बुलढाणा जिल्ह्यात शेगाव येथे १९८३ साली श्री संत गजानन महाराज अभियांत्रिकी महाविद्यालय सुरू झाले. पुढील दशकांत राज्यभर अभियांत्रिकी व संगणक पदविकेचे वर्ग वाढले. या वर्गांतून दीर्घकाळ टर्बो सी हा बोरलँड कंपनीचा संपादक वापरात होता. त्यातही जवळपास सर्व काम कळफलकावरूनच होई. एफ-२ ने फाईल जतन करणे, कंट्रोल व एफ-९ ने आज्ञावली चालवणे, ऑल्ट व एफ-५ ने उत्तराचा पडदा पाहणे, कंट्रोल व वाय ने पूर्ण ओळ पुसणे या कळा त्या काळच्या विद्यार्थ्यांना पाठ असत. कळफलकप्रधान आज्ञावली-लेखन ही म्हणून महाराष्ट्रात सर्वस्वी नवी गोष्ट नाही. खिडक्या व माऊस यांच्या काळात मागे पडलेली सवय व्हिम विस्ताराच्या निमित्ताने वेगळ्या रूपात परत येते.

अवस्था

सामान्य संपादकात कळ दाबली की तिचे अक्षर उमटते. व्हिममध्ये कळेचा अर्थ संपादक त्या क्षणी कोणत्या अवस्थेत आहे यावर ठरतो. विस्तारात प्रमुख अवस्था पुढीलप्रमाणे आहेत.

सामान्य अवस्था: फाईल उघडल्यावर संपादक या अवस्थेत असतो. येथे कळा म्हणजे आज्ञा असतात. एक्स दाबल्यास एक्स हे अक्षर उमटत नाही; कर्सरखालचे अक्षर पुसले जाते.

लेखन अवस्था: आय ही कळ दाबल्यावर या अवस्थेत प्रवेश होतो व नेहमीप्रमाणे टंकलेखन करता येते. एस्केप दाबल्यावर संपादक पुन्हा सामान्य अवस्थेत येतो.

निवड अवस्था: व्ही ही कळ दाबून मजकूर निवडता येतो. शिफ्टसह व्ही दाबल्यास पूर्ण ओळी निवडल्या जातात.

आज्ञा-ओळ: अपूर्णविरामाचे चिन्ह दाबल्यावर खाली एक ओळ उघडते. तेथे फाईल जतन करणे, शब्द शोधून सर्वत्र बदलणे इत्यादी आज्ञा लिहिता येतात.

चालू अवस्थेचे नाव खिडकीच्या तळपट्टीवर दिसते. आरंभी होणाऱ्या बहुतेक चुका ही तळपट्टी न पाहिल्यामुळे होतात. सामान्य अवस्थेत असताना एखादे वाक्य टंकित केले, तर प्रत्येक अक्षर आज्ञा म्हणून घेतले जाते व मजकुराची मोडतोड होते. अशा वेळी एस्केप दाबून यू ही कळ वापरल्यास झालेले बदल एकेक करून मागे घेता येतात.

सामान्य अवस्था ही आरंभीची अवस्था का, असा प्रश्न नवशिक्यास पडतो. आज्ञावली-लेखनाच्या कामात नवा मजकूर लिहिण्यापेक्षा लिहिलेले वाचणे, शोधणे व दुरुस्त करणे यांत अधिक वेळ जातो. व्हिम हे काम मुख्य मानतो आणि लेखनास मधली छोटी पायरी समजतो.

आज्ञांचे व्याकरण

व्हिमच्या आज्ञा सुट्या पाठ कराव्यात अशी त्यांची रचना नाही. त्यांना व्याकरण आहे. एक क्रिया, तिचे कर्म आणि आवश्यक असल्यास संख्या, असे तीन घटक जोडून आज्ञा तयार होते.

क्रियादर्शक कळांत डी म्हणजे पुसणे, सी म्हणजे पुसून लगेच नवे लिहिणे आणि वाय म्हणजे प्रत घेणे, या तीन महत्त्वाच्या आहेत. कर्मदर्शक कळांत डब्ल्यू म्हणजे पुढील शब्दाच्या आरंभापर्यंतचा भाग, डॉलरचे चिन्ह म्हणजे ओळीच्या शेवटापर्यंतचा भाग, तर आय व डब्ल्यू मिळून कर्सर ज्यात आहे तो शब्द. आय व अवतरणचिन्ह मिळून त्या चिन्हांतील मजकूर, आय व कंस मिळून कंसातील मजकूर सूचित होतो. त्यानुसार डी-डब्ल्यू म्हणजे शब्द पूस, डी-२-डब्ल्यू म्हणजे दोन शब्द पूस, वाय-आय-कंस म्हणजे कंसातील मजकुराची प्रत घे. क्रियेची कळ दोनदा दाबल्यास ती पूर्ण ओळीस लागू होते. म्हणून डी-डी ने एक ओळ व ३-डी-डी ने तीन ओळी पुसल्या जातात.

या रचनेचा लाभ असा की, पाच क्रिया व दहा कर्मे आली तर पन्नास आज्ञा येतात. पन्नास गोष्टी घोकाव्या लागत नाहीत. नवी क्रिया कळली की ती आधीच्या सर्व कर्मांना लावता येते. बाराखडी एकदा समजली की प्रत्येक अक्षर वेगळे शिकावे लागत नाही, तसाच हा प्रकार आहे.

मराठी भाषकाला येथे एक फरक जाणवतो. मराठी वाक्यात कर्म आधी व क्रियापद शेवटी येते. 'शब्द पूस' असे म्हटले जाते. व्हिममध्ये मात्र क्रिया आधी सांगावी लागते. ज्यांना हा क्रम अवघड जातो त्यांना निवड अवस्थेचा आधार घेता येतो. व्ही-आय-डब्ल्यू ने आधी शब्द निवडावा, तो उजळलेला डोळ्यांनी पाहावा आणि मग डी दाबावी. यात एक कळ अधिक लागते. परंतु पुसण्यापूर्वी काय पुसले जाणार ते दिसते. काकून व हेलिक्स या नंतरच्या संपादकांनी हाच क्रम, म्हणजे आधी निवड व मग क्रिया, मुख्य पद्धत म्हणून स्वीकारला आहे.

एक उदाहरण

बुलढाणा जिल्ह्यात १३ तालुके आहेत. त्यांची नावे एका फाईलमध्ये एकाखाली एक लिहिलेली आहेत आणि आज्ञावलीत वापरण्यासाठी प्रत्येक नावाभोवती दुहेरी अवतरणचिन्हे व शेवटी स्वल्पविराम हवा आहे, असे समजू. हाताने केल्यास हेच काम तेरा वेळा करावे लागेल. व्हिममध्ये ते एकदा करून नोंदवता येते. या नोंदीस मॅक्रो म्हणतात.

पहिल्या ओळीवर, म्हणजे बुलढाणा या नावावर, कर्सर ठेवून पुढील कळा क्रमाने दाबाव्यात.

१. क्यू व ए: ए या नावाने नोंद सुरू होते.
२. शिफ्टसह आय: ओळीच्या आरंभी लेखन अवस्था सुरू होते. अवतरणचिन्ह टंकित करून एस्केप दाबावे.
३. शिफ्टसह ए: ओळीच्या शेवटी लेखन अवस्था सुरू होते. अवतरणचिन्ह व स्वल्पविराम टंकित करून एस्केप दाबावे.
४. जे: कर्सर पुढील ओळीवर, म्हणजे चिखलीवर जातो.
५. क्यू: नोंद थांबते.

त्यानंतर १२, ॲटचे चिन्ह व ए या कळा दाबल्यास तीच कृती चिखलीपासून लोणारपर्यंत उरलेल्या बाराही नावांवर होते. तेराव्या ओळीनंतर खाली जायला ओळ नसल्याने शेवटची हालचाल निष्फळ ठरते; परंतु तोवर दुरुस्ती झालेली असते. यादीत तेरा नावे असोत वा तेराशे, करणाऱ्याचे श्रम तेवढेच राहतात. मॅक्रो करताना एक पथ्य पाळावे. प्रत्येक ओळीची लांबी वेगळी असल्यामुळे 'सहा अक्षरे उजवीकडे' अशी हालचाल नोंदवू नये. 'ओळीच्या शेवटी' अशी सर्व ओळींना लागू पडणारी हालचाल वापरावी.

एखादा बदल केवळ दोन-चार ठिकाणी करायचा असेल तर मॅक्रोचीही गरज नसते. पूर्णविरामाची कळ दाबल्यास शेवटचा बदल पुन्हा केला जातो. उदाहरणार्थ, सी-आय-अवतरणचिन्ह ही आज्ञा देऊन खामगावच्या जागी मलकापूर लिहिले व एस्केप दाबले, की दुसऱ्या ओळीवर जाऊन केवळ पूर्णविराम दाबल्यास तेथील अवतरणचिन्हांतही मलकापूर येते.

स्थापना व मांडणी

व्हिज्युअल स्टुडिओ कोडमध्ये कंट्रोल, शिफ्ट व एक्स या कळा एकत्र दाबल्यावर विस्तारांची यादी उघडते. तेथे व्हिम असा शोध घेऊन विस्तार बसवता येतो. जेथे इंटरनेटची जोडणी भरवशाची नाही तेथे विस्ताराची व्हीएसआयएक्स प्रकारची फाईल दुसऱ्या संगणकावर उतरवून, पेनड्राइव्हने आणून बसवण्याचीही सोय आहे. विस्तार हा संपादकाच्या अधिकारानेच चालतो. म्हणून सारख्या नावांच्या विस्तारांतून निवड करताना प्रकाशकाचे नाव तपासणे आवश्यक असते.

बसवल्यानंतर काही परिचित कळांचा अर्थ बदलतो. कंट्रोल व व्ही या कळा सामान्यतः चिकटवण्यासाठी वापरल्या जातात. व्हिममध्ये त्यांनी उभ्या पट्ट्याची निवड सुरू होते. कंट्रोल व एफ ने शोध-चौकट उघडण्याऐवजी पडदा एक पान पुढे सरकतो. कोणत्या कळा विस्ताराने हाताळाव्यात व कोणत्या मूळ संपादकाकडे राहाव्यात, हे मांडणीत ठरवता येते. व्हिममध्ये घेतलेली प्रत अन्य प्रोग्रामांत चिकटवता यावी यासाठी संगणकाचा सामाईक क्लिपबोर्ड वापरण्याचा पर्यायही निवडता येतो.

ओळींचे क्रमांक सापेक्ष ठेवण्याची मूळ संपादकातील सोय येथे विशेष उपयोगी ठरते. अशा मांडणीत कर्सरच्या वरील व खालील ओळींना त्यांच्या अंतरानुसार १, २, ३ असे क्रमांक दिसतात. सातव्या ओळीवर जायचे असल्यास ७ व जे एवढेच दाबावे लागते. मोजणी करावी लागत नाही.

व्हिमच्या जगात लोकप्रिय असलेल्या काही पूरक साधनांचे अनुकरणही या विस्तारात अंतर्भूत आहे. सराउंड या साधनाने शब्दाभोवतीची अवतरणचिन्हे वा कंस घालता, बदलता व काढता येतात. कॉमेंटरी या साधनाने निवडलेल्या ओळी टिप्पणीत रूपांतरित होतात. ईझीमोशन हे साधन पडद्यावरील संभाव्य ठिकाणांवर अक्षरे दाखवते व ते अक्षर दाबताच कर्सर तेथे जातो. मूळ संपादकाच्या सोयीही व्हिमच्या कळांशी जोडलेल्या आहेत. जी-डी या कळांनी एखाद्या नावाची व्याख्या जेथे केली आहे तेथे जाता येते.

देवनागरी लेखनातील अडचण

आज्ञावलीतील संज्ञा बहुधा रोमन लिपीत असतात. मात्र टिप्पण्या, पडद्यावर दिसणारे संदेश, शाळा, ग्रामपंचायत वा बाजार समितीसाठी केलेल्या तक्त्यांतील नावे मराठीत असू शकतात. अशा वेळी लेखक इन्स्क्रिप्ट कळरचनेकडे वळतो. इन्स्क्रिप्ट ही भारतीय लिपींसाठीची प्रमाण कळरचना असून १९९१ च्या आयएस १३१९४ या भारतीय मानकात तिचा समावेश झाला. पुण्यातील सी-डॅक या संस्थेने तिच्या प्रसारास मोठा हातभार लावला. तीत स्वर व मात्रा डाव्या हाताकडे, तर बहुतेक व्यंजने उजव्या हाताकडे आहेत.

अडचण एस्केप दाबल्यानंतर येते. संपादक सामान्य अवस्थेत परततो, पण कळरचना देवनागरीच राहते. इन्स्क्रिप्टमध्ये एच, जे, के, एल या कळांवर अनुक्रमे प, र, क, त ही अक्षरे आहेत. त्यामुळे खाली जाण्यासाठी जे दाबले तर संपादकाकडे र पोहोचतो आणि र या अक्षराची कोणतीही आज्ञा नसल्यामुळे काहीच घडत नाही. डी ही कळ हलन्ताचे चिन्ह पाठवते. डी-डी दाबूनही ओळ जागच्या जागी राहते. विस्तार बिघडला, अशी समजूत होऊन मराठी लेखक व्हिमची पद्धत सोडून देण्याचा, अथवा टिप्पण्या मराठीत लिहिणे सोडून देण्याचा संभव येथे निर्माण होतो. प्रत्यक्षात बिघाड झालेला नसतो. अवस्था बदलली, पण कळरचना बदलली नाही, एवढेच घडलेले असते.

यावर विस्तारात उपाय आहे. लेखन अवस्था सोडताच कळरचना आपोआप बदलण्याचा पर्याय मांडणीत सुरू करता येतो. त्यासाठी इम-सिलेक्टसारखे एक छोटे बाह्य साधन संगणकावर असावे लागते. सामान्य अवस्थेसाठी कोणती कळरचना हवी ते एका ओळखक्रमांकाने सांगितले जाते. विंडोजमध्ये अमेरिकी इंग्रजीचा क्रमांक १०३३, तर मराठीचा ११०२ आहे. ही मांडणी झाल्यावर एस्केप दाबताच रोमन कळरचना येते व पुन्हा लेखन अवस्थेत गेल्यावर आधीची देवनागरी परत मिळते. हे साधन बसवणे शक्य नसेल, तर एस्केप दाबण्यापूर्वी विंडोज व स्पेस या कळांनी कळरचना स्वतः बदलण्याची सवय लावावी लागते.

मूळ व्हिममध्ये लँगमॅप नावाचा वेगळा पर्याय आहे. त्यात र आल्यास जे समजावे, क आल्यास के समजावे, अशी जोडणी लिहून ठेवता येते.

दुसरी अडचण अक्षराच्या सीमेची आहे. 'क्षि' हे वाचकास एक अक्षर दिसते. युनिकोडमध्ये ते क, हलन्त, ष व ऱ्हस्व वेलांटी अशा चार घटकांनी बनते. एक्स दाबल्यावर यांतील किती घटक पुसले जातील, हे संपादक अक्षराची सीमा कोठे मानतो यावर अवलंबून असते. म्हणून देवनागरी मजकुरात अक्षरे मोजून आज्ञा देण्यापेक्षा शब्द, अवतरण वा ओळ हे मोठे घटक घेऊन आज्ञा देणे सुरक्षित ठरते.

वेळेचा हिशेब

कळफलकाने वेळ वाचतो, हे विधान कितपत खरे आहे याचा अंदाज मानवी हालचालींच्या मोजमापावरून करता येतो. स्टुअर्ट कार्ड, थॉमस मोरॅन व ॲलन न्यूवेल यांनी १९८० साली कळ-पातळीवरील प्रतिमान मांडले. त्यानुसार हात कळफलकावरून माऊसवर नेण्यास सुमारे ०.४ सेकंद, माऊसने पडद्यावरील ठिकाण साधण्यास सुमारे १.१ सेकंद आणि मनात पुढील कृतीची जुळणी करण्यास सुमारे १.३५ सेकंद लागतात. मिनिटास ४० शब्दांचा वेग असणाऱ्यास एक कळ दाबण्यास सुमारे ०.२८ सेकंद लागतो.

अवतरणचिन्हांतील मजकूर बदलण्यासाठी हात माऊसवर नेणे, ठिकाण साधणे व हात परत आणणे यांत ०.४, १.१ व ०.४ असे मिळून १.९ सेकंद जातात. निवड करण्याचा वेळ वेगळाच. कर्सर त्याच ओळीच्या आरंभी असल्यास व्हिममध्ये सी, आय, शिफ्ट व अवतरणचिन्ह या चार कळा पुरतात व त्यांस १.१२ सेकंद लागतात. कळफलक येथे स्पष्टपणे वरचढ ठरतो. परंतु ती आज्ञा आठवावी लागली, तर १.१२ मध्ये १.३५ मिळून २.४७ सेकंद होतात आणि लाभ नाहीसा होतो.

यावरून दोन निष्कर्ष निघतात. विस्तार बसवण्याने वेग येत नाही. आज्ञा बोटांच्या सवयीची झाल्यावरच येतो. तसेच, जो अद्याप कळफलक पाहून दोन बोटांनी टंकलेखन करतो त्याने आधी दहा बोटांचे टंकलेखन शिकणे अधिक हिताचे आहे. टंकलेखनाच्या वर्गात मिळालेली सवय येथे भांडवलासारखी उपयोगी पडते.

म्हणून शिकताना एकाच वेळी सर्व आज्ञा न घेता टप्पे पाडणे इष्ट असते. पहिल्या टप्प्यात आय, एस्केप, यू व चार दिशांच्या कळा. दुसऱ्यात शब्दावरून शब्दावर जाणे व तिरक्या रेघेने शोध घेणे. तिसऱ्यात डी, सी, वाय या क्रिया व त्यांची कर्मे. शेवटी पूर्णविरामाची पुनरावृत्ती व मॅक्रो, असा क्रम सोयीचा असतो. महत्त्वाचे काम अंगावर असताना विस्तार तात्पुरता बंद करता येतो. संपादकात त्यासाठी स्वतंत्र आज्ञा आहे.

मर्यादा व टीका

अवस्थांच्या पद्धतीवर जुनी टीका आहे. कापणे, प्रत घेणे व चिकटवणे या आज्ञांच्या जडणघडणीत ज्यांचा मोठा वाटा होता, ते लॅरी टेस्लर अवस्थांचे कट्टर विरोधक होते. एकाच कळेचा अर्थ वेळोवेळी बदलू नये, असे त्यांचे मत होते आणि आपल्या मोटारीच्या क्रमांकपट्टीवरही त्यांनी 'नो मोड्स' या अर्थाची अक्षरे घेतली होती. नवशिक्यांच्या चुका पाहता ही टीका निराधार म्हणता येत नाही. स्टॅक ओव्हरफ्लो या संकेतस्थळाने २०१७ साली जाहीर केले की, व्हिममधून बाहेर कसे पडावे या एकाच प्रश्नाचे पान दहा लाखांहून अधिक वेळा पाहिले गेले आहे. विस्ताराच्या वापरकर्त्यास निदान ही अडचण येत नाही, कारण खिडकी नेहमीप्रमाणे बंद करता येते.

हा विस्तार व्हिमचे अनुकरण करतो; तो प्रत्यक्ष व्हिम नव्हे. व्हिमची स्वतःची मांडणी-भाषा व तिच्यात लिहिलेली असंख्य पूरके येथे जशीच्या तशी चालत नाहीत. सामाईक प्रयोगशाळेतील संगणकावर हा विस्तार चालू ठेवल्यास पुढील विद्यार्थ्यास कळफलक 'चालत नाही' असे वाटू शकते. काम संपल्यावर तो बंद करणे हा शिष्टाचार होय.

दुसऱ्या बाजूने, एकदा आत्मसात केलेले हे कौशल्य या एका संपादकापुरते राहत नाही. व्हीआय हा पॉझिक्स या मानकात वर्णन केलेला संपादक असल्याने युनिक्स व लिनक्स प्रकारच्या बहुतेक यंत्रांवर तो किंवा त्याचा वारस उपलब्ध असतो. दूरच्या सर्व्हरवर, जेथे खिडक्या नाहीत व माऊसही चालत नाही, तेथे फाईल दुरुस्त करण्याची वेळ नोकरीच्या पहिल्याच महिन्यात येऊ शकते. लहान गावातील महाविद्यालयातून बाहेर पडलेल्या विद्यार्थ्यास त्या वेळी पडद्यावरील एच, जे, के, एल परके वाटत नाहीत.

तत्सम विस्तार

व्हिमची कळपद्धत अन्य संपादकांतही उपलब्ध आहे. जेटब्रेन्सच्या संपादकांसाठी आयडियाव्हिम, मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल स्टुडिओसाठी व्हीएसव्हिम, एक्लिप्ससाठी व्ह्रॅपर आणि इमॅक्ससाठी एव्हिल ही त्यांतील परिचित नावे होत. व्हिज्युअल स्टुडिओ कोडसाठी व्हीएसकोड-निओव्हिम हा आणखी एक विस्तार आहे. तो अनुकरण न करता संगणकावर बसवलेला निओव्हिम पडद्यामागे चालवतो. त्यामुळे तो मूळ वर्तनाच्या अधिक जवळ जातो. मात्र निओव्हिम वेगळा बसवावा लागत असल्याने नवशिक्यासाठी व्हीएसकोडव्हिम अधिक सोपा ठरतो.